उसन्या आवाजाचा नट

हातमोजे काढायला त्याला कुणी सांगितलं नव्हतं. दिग्दर्शक एवढंच म्हणाला होता, "आत या, टेबलाशी बसा आणि समोरच्या बाईला विचारा, माणसं कुठे आहेत." लाटव्हियातल्या वाल्मिएराच्या नाटक मंडळीतला एल्मार काल्वे जर्मन अधिकाऱ्याचा करडा कोट घालून आत आला, खुर्ची ओढून बसला, आणि प्रश्न विचारायच्या आधी त्याने उजव्या हाताचा मोजा काढायला घेतला. करंगळीपासून सुरुवात करून एकेक बोट सैल केलं. मग दुसरा हात. दोन्ही मोजे एकावर एक नीट ठेवले, त्यांवरची नसलेली वाळू फुंकली, आणि मगच मान वर केली.

समोर बसवलेली बाई नटी नव्हती, स्टुडिओत कपडे सांभाळायची. ती खुर्चीसकट मागे सरकली.

"हे कुठे शिकलात, एल्मार यानोविच?" दिग्दर्शकाने विचारलं. रशियन लोक बापाचं नाव जोडून हाक मारत. एल्मारला त्याची सवय नव्हती. आपल्या बापालाच कुणी दारातून बोलावतंय असं त्याला क्षणभर वाटलं.

"असंच सुचलं," तो म्हणाला.

सुचलं वगैरे काही नव्हतं. कुर्झेमेच्या किनाऱ्यावर त्याच्या बापाचं, यानिसचं, घर होतं. चव्वेचाळीसच्या शरदात जर्मन फौज तिथे ठाण मांडून बसली होती आणि यानिसने जाळी ठेवायच्या खोपटात दोन पळून आलेले शिपाई लपवले होते. ते कुणीतरी चुगली करून सांगितलं. एक अधिकारी आला, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसला, करंगळीपासून सुरुवात करून मोजे काढले, त्यांवरची वाळू फुंकली आणि एल्मारच्या आईला मृदू आवाजात विचारलं, "माणसं कुठे आहेत?" आई गप्प राहिली. त्याने काही फरक पडला नाही. शिपाई सापडले. त्यांना आणि यानिसला मासे धुरवायच्या खोपटीमागे नेऊन गोळ्या घातल्या. अधिकाऱ्याने जाताना आईकडे पाणी मागितलं, प्यायला आणि आभार मानून गेला. सोळा वर्षांचा एल्मार चुलीला टेकून उभा होता. चूल तापलेली होती, पाठ भाजत होती, पण तिथून हलायचं त्याला सुचलं नाही.

या गोष्टीबद्दल तो पुढे कधी कुणाशी बोलला नाही. बायकोला, वेल्ताला, बाप युद्धात गेला एवढंच माहीत होतं. आणि त्या दिवशी स्टुडिओत त्याने ठरवून काही केलं नव्हतं. कोटाच्या बाह्या मनगटावर आल्या आणि हात आपोआप चालू झाले.

सिनेमाचं नाव होतं 'तिसरं ठाणं'. त्याचं काम लहानसं, अर्ध्यात गोळी लागून मरायचं. पण सिनेमा देशभर चालला आणि लोकांनी नायकाचं नाव विसरून हातमोजेवाला जर्मन तेवढा लक्षात ठेवला. वाल्मिएरात भाजीबाजारात बायका त्याला पाहून हसायच्या, "आला बाई जर्मन साहेब, हेर फॉन श्मित! बटाटे लपवा!" तोही हसायचा. तिशीही न ओलांडलेला नट, पहिल्यांदाच लोक ओळखायला लागलेले. कुणाला आवडणार नाही?

सिनेमाचं फिरतं यंत्र घेऊन गाडी आईच्या गावीही गेली. मासेमारी संघाच्या क्लबात खुर्च्या मांडल्या, संघाच्या अध्यक्षीणबाईंनी एमीलियाकाकूंना हाताला धरून पहिल्या रांगेत बसवलं. नटाची आई! पुढच्या रविवारी एल्मार आणि वेल्ता गावी गेले, तेव्हा आईने शेपू घातलेले बटाटे आणि धुरवलेले मासे पुढ्यात ठेवले आणि स्वतः उभीच राहिली.

"आई, सिनेमा पाहिलास का?"

"पाहिला."

"मग? आवडला का?"

"लोकांना आवडला. तू मेलास तेव्हा टाळ्या वाजवल्या."

वेल्ता हसली. तिला वाटलं, म्हातारी गंमत करतेय. मग तिने सासूच्या तोंडाकडे पाहिलं आणि काटा खाली ठेवला.

"करंगळीपासून," आई म्हणाली. "बरं लक्षात राहिलं तुझ्या."

"आई, मी मुद्दाम नाही गं केलं. खरंच सांगतो."

"मुद्दाम केलं असतंस तर निदान कारण तरी असतं." तिने पदरासारखा पुढे बांधलेला फडका सोडला आणि खुंटीला अडकवला. "मी रोज या टेबलावर कणीक मळते. याच टेबलावर. काय काय करून ते डोळ्यांपुढून घालवलं होतं मी. आणि तू ते भिंतीएवढं मोठं करून सगळ्या गावाला दाखवलंस."

"नको असेल तर सोडतो. पुन्हा नाही करत असलं काम."

"कर. तुझं पोट आहे त्यावर. मला फक्त बोलवू नकोस बघायला."

ती पुन्हा क्लबात गेली नाही. परतताना बसमध्ये वेल्ताने विचारलं, "टेबलाचं काय होतं?" तेव्हा एल्मारने पहिल्यांदा तिला सगळं सांगितलं. वेल्ता वाल्मिएराच्या रंगमंदिरात पडद्याआडून नटांना संवाद पुरवायचं काम करायची. शब्द अडला की पुढचा शब्द सांगायचा, ही तिची सवय. त्या दिवशी तिने एकही शब्द पुरवला नाही.

सोडतो म्हणाला खरा, पण सोडणं त्याच्या हातात कुठे होतं? बाल्टिककडच्या नटांची चेहरेपट्टी परदेशी, असा सगळ्या स्टुडिओंचा समज. जर्मन हवा, इंग्रज हवा, अमेरिकन हेर हवा, की रीगाला तार. कधी लेनिनग्राड, कधी कीव, कधी कार्पेथियन डोंगरांत. पुढच्या सिनेमात पुन्हा तेच मोजे. "तुमचं ते बोटांचं करा ना, एल्मार यानोविच!" दिग्दर्शक लाडात येऊन म्हणत. दोनदा त्याने केलं. तिसऱ्यांदा मोजे हरवले म्हणून सांगितलं, तर वेशभूषेवालीने नवे आणून दिले. मग त्याने डाव्या हातापासून सुरुवात केली, अंगठ्याकडून. कुणाच्या लक्षात आलं नाही. त्याच्या मात्र जिवाला तेवढंच बरं वाटलं.

"यंदा मला कर्नल केलंय," तो घरी येऊन सांगायचा.

"मरणार कशाने?" वेल्ता विचारायची.

"पुलाबरोबर उडतो."

"मागच्या वेळेपेक्षा बरं. मागच्या वेळी विहिरीत पडला होतास, आठवडाभर शिंकत होतास."

आणि आवाज. त्याचं रशियन चांगलं होतं, पण लाटव्हियन वळणाचं. प्रत्येक शब्दाच्या सुरुवातीलाच जोर पडायचा. म्हणून त्याचं बोलणं दरवेळी दुसरं कुणी डब करायचं, बहुतेक वेळा लेनिनग्राडचे वेनियामिन लाझारेविच. एल्मार सिनेमाघरात बसून स्वतःला बघायचा. ओठ आपले, त्यांतून येणारा खर्जातला, मखमली आवाज भलत्याचाच. एकदा स्टुडिओच्या खानावळीत दोघांची गाठ पडली. वेनियामिन लाझारेविच म्हणजे बुटके, घामट गृहस्थ, एका डोळ्यात फूल पडलेलं.

"अहो, तुम्ही जरा तोंड मोठं उघडत जा हो!" ते सूप ओरपता ओरपता कुरकुरले. "तुम्ही दात आवळून बोलता, आणि माझा जीव जातो शब्द कोंबताना."

"जर्मन दात आवळूनच बोलतात."

"कोण म्हणतं?"

"मी ऐकलंय."

वेनियामिन लाझारेविचनी चमचा खाली ठेवला. "मीही ऐकलंय," ते म्हणाले. त्यांचं सगळं घराणं वितेब्स्कचं होतं, आणि जर्मन येऊन गेल्यावर त्यातलं कुणी उरलं नव्हतं. मग दोघांनी मिळून एक बाटली संपवली. वेनियामिन लाझारेविच नंतर लवकरच गेले, घशाच्या आजाराने, आणि एल्मारच्या तोंडात दुसरे आवाज बसू लागले.

मुलगी मारुता शाळेत जायला लागली तेव्हा अंगणातली पोरं युद्ध-युद्ध खेळताना तिला नेहमी जर्मनांच्या बाजूला टाकायची. "तुझा बाबा तिकडचाच आहे ना!" एकदा ती कपाळावर टेंगूळ घेऊन आली. दगड लागला होता.

"बाबा, एकदा तरी आपल्या बाजूने लढ ना," ती म्हणाली.

"विचारतो हं त्यांना," तो म्हणाला, आणि खरोखरच त्याने विचारलं. सहायक दिग्दर्शक खो खो हसला. "हा चेहरा घेऊन? लोक म्हणतील, हा शेवटी फितूर होणार."

इकडे वाल्मिएरात तालमी त्याच्यासाठी खोळंबायच्या. मंडळीचे प्रमुख झिगुर्ड सज्जन माणूस. त्यांनी दोन वर्षं कळ काढली. मग एक दिवस म्हणाले, "एल्मार, तू एक तर इथे राहा, नाहीतर तिकडे. अर्धा नट मला नको." त्याच आठवड्यात बर्फातल्या चित्रीकरणासाठी तार आली होती आणि होकार देऊन झाला होता. ज्या भूमिकेची तो सहा महिने तयारी करत होता, ती दुसऱ्याकडे गेली. वेल्ताने पडद्याआडून त्या दुसऱ्याला तेच शब्द पुरवले. नंतर तिघंही रीगाला आली आणि एल्मार स्टुडिओचा पगारी नट झाला.

ग्वीदो त्याला भेटला तो रीगात. नुकताच शिकून आलेला, केस कपाळावर, बोलताना उठून फेऱ्या मारायचा. दाउगावा नदीवर धरण होत होतं, काठची गावं बुडणार होती, आणि ग्वीदोला एका होडीवाल्यावर सिनेमा करायचा होता. नदी रुंद झाल्यावर ज्याचा धक्काच पाण्याखाली जातो, तो होडीवाला. सिनेमाचं नाव 'काठ'.

"यात मी कोण? धरणाचा जर्मन इंजिनियर?" एल्मारने विचारलं.

"होडीवाला."

"चेष्टा करू नकोस पोरा. चेष्टा ऐकायचं माझं वय राहिलं नाही."

"एल्मार, मी तुला वाल्मिएरात पाहिलंय. शाळेत होतो. तू एका म्हाताऱ्या शेतकऱ्याचं काम केलं होतंस, नुसता बाकावर बसून होतास, आणि मी घरी जाईपर्यंत रडत होतो. होडीवाला तूच. आणि बोलायचं आपल्या भाषेत, तुझ्या आवाजात."

एल्मारने घरी येऊन वेल्ताला हे दोनदा सांगितलं. वेल्ताने मारुताचं पाठांतर बाजूला सारलं आणि दोघं रोज स्वयंपाकघरात बसून संवाद म्हणायला लागली. ती म्हातारी व्हायची, सरकारी साहेब व्हायची, होडीवाल्याची मुलगी व्हायची. तो फक्त होडीवाला.

चित्रीकरण उन्हाळाभर चाललं. वल्ही मारायला त्याला कुणाकडून शिकावं लागलं नाही. तळहाताला घट्टे पडले तेव्हा तो ते संध्याकाळी दिव्याखाली धरून बघायचा, बापाचे हात असेच होते म्हणून. बुडणाऱ्या गावातली माणसं त्याला खरा होडीवाला समजून हाका मारायची, "अरे ए, पलीकडे सोड की!" आणि तो सोडायचाही. एकदा एका बाईची शेळी घेऊन गेला आणि सगळं पथक तासभर त्याची वाट बघत बसलं. ग्वीदो रागावला नाही. "दाढी काढू नकोस," एवढंच म्हणाला.

त्याने आईला निरोप पाठवला. मग स्वतःच गेला.

"आई, हा बघायला ये. यात मी होडीवाला आहे. गणवेश नाही, काही नाही."

आईने त्याच्या दाढीला हात लावला. "बापासारखा दिसतोस," ती म्हणाली. "आणतील तेव्हा येईन क्लबात. मागे बसेन."

सिनेमा पुरा झाला. आधी लाटव्हियनमध्ये, मग वर पाठवायला नियमाप्रमाणे रशियनमध्ये डब करून. परवानगी देणाऱ्या वरच्या सरकारी मंडळींनी तो पाहिला. ग्वीदो परत आला तेव्हा तो फेऱ्या मारत नव्हता, खुर्चीत बसला होता.

"काय म्हणाले?"

"म्हणाले, धरणामुळे घराघरांत वीज आली, आणि तुमचा होडीवाला रडतो कशाला? मी म्हटलं, तो रडत नाही. म्हणाले, तेच तर. रडला असता तर डोळे पुसून पुढे हसता आलं असतं."

"म्हणजे कात्री लावायची?"

"कात्री नाही, एल्मार. ठेवून दिला."

ठेवून दिला म्हणजे कुणालाच दाखवायचा नाही, हे दोघांनाही ठाऊक होतं. त्या शरदात धरणाचं पाणी चढलं आणि ज्या काठावर तो सिनेमा झाला, तो काठही गेला. ग्वीदोला पुढे बीट लागवडीवरचे माहितीपट मिळू लागले. तो ते करायचा आणि प्यायचा. एल्मारने दाढी काढली आणि हिवाळ्यात पुन्हा मेजर झाला.

आई वाट बघत राहिली असेल का, हे त्याने कधी विचारलं नाही. सिनेमा यायचाय अजून, असं तो दरवर्षी सांगायचा आणि ती मान हलवायची. ती गेली तेव्हा तो क्रिमियात होता. तार मिळताच निघाला, दफनाला कसाबसा पोचला. पण चित्रीकरणासाठी केस जर्मन अधिकाऱ्यासारखे, मानेवरून वस्तऱ्याने साफ केलेले, बाजूंना चापून बसवलेले. खड्ड्याशी टोपी काढून उभा राहिला तेव्हा मागच्या बायकांत कुजबुज झाली. बापाला मारलं त्या दिवसाची साक्षीदार असलेली शेजारची मिल्दामावशी पुढे आली आणि तिने स्वतःचा लोकरी रुमाल त्याच्या डोक्याभोवती गुंडाळला. "थंडी आहे रे," ती म्हणाली. थंडी नव्हती.

मग वर्षं गेली ती कशी गेली हे त्यालाही सांगता आलं नसतं. सिनेमे एकमेकांत मिसळले. कुठल्या पुलावर कोण मेलं, लक्षात राहिलं नाही. पन्नाशीनंतर त्याला जनरल करायला लागले. जनरल नकाशापुढे उभे राहतात आणि फारसे मरत नाहीत, एवढाच फरक. मारुता मोठी झाली, एका बोटीवरच्या अभियंत्याशी लग्न करून टालिनला गेली. बाबांचे सिनेमे ती बघायची नाही; आजीवर गेली आहे, असं वेल्ता म्हणायची.

अठ्ठ्याऐंशी साली वारं फिरलं. ठेवून दिलेले सिनेमे एकेक करून कपाटांतून बाहेर यायला लागले आणि एक दिवस ग्वीदोचा फोन आला. "'काठ' दाखवतायत. रीगात. मोठ्या सिनेमाघरात."

वेल्ताने त्याचा कोट इस्त्री केला. मारुता टालिनहून आली. सभागृह भरून लोक बाजूच्या भिंतींना टेकून उभे होते. त्यांत बुडालेल्या गावांची म्हातारी माणसंही होती, आपापली घरं पडद्यावर बघायला आलेली. ग्वीदो त्या दिवशी प्यायला नव्हता. तो एल्मारच्या शेजारी न बसता चार रांगा मागे जाऊन बसला. एल्मारला ते विचित्र वाटलं.

अंधार झाला. नदी आली. मागे कुणीतरी हुंदका दिला, "आमचं ओकच्या झाडाचं वळण!" आजूबाजूच्या सगळ्यांनी ते ओळखलं. मग होडीवाला धुक्यातून पुढे आला, दाढीवाला, रुंद खांद्यांचा, एल्मारच्या बापासारखा. त्याने तोंड उघडलं. आणि त्यातून गुळगुळीत, तरुण रशियन आवाज आला.

एल्मारने वेल्ताचा हात धरला. पुढच्या वाक्याची वाट पाहिली. पुढचं वाक्यही रशियनमध्ये आलं, त्याच अनोळखी आवाजात. पडद्याखाली लाटव्हियन अक्षरं पळत होती.

शेवटपर्यंत तो बसून राहिला. लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या, एक म्हातारा येऊन त्याच्या गळ्यात पडला. तो सगळ्यांशी हसून बोलला. बाहेर पायऱ्यांवर ग्वीदोने त्याला गाठलं.

"मी सांगणार होतो, एल्मार. परवाच कळलं मला. वर पाठवलेली ती एकच प्रत शिल्लक आहे. आपल्या भाषेतली प्रत नाही. मूळ आवाजाच्या टेपा त्या वेळीच पुसल्या. त्यांवर काहीतरी दुसरं भरलं."

"काय भरलं?"

"मला काय माहीत? गाणी असतील. बीट असतील."

"तो कोण होता बोलणारा?"

"नाव लिहिलेलं नाही."

वेल्ता मध्ये पडली. "आहे ना हा माणूस जिवंत! आवाज आहे ना याला! पुन्हा भरा."

ग्वीदोने धावाधाव करून स्टुडिओत जागा मिळवली. ध्वनिमुद्रणाला सार्मिते नावाची बाई होती, कामात पक्की, मनाने मऊ. संहिता मिळाली नाही, पण वेल्ताला बहुतेक सगळं पाठ होतं, आठवून आठवून तिने ते वहीऐवजी डोक्यातूनच काढलं. ती त्याच्या खुर्चीमागे बसली. पडद्यावर होडीवाला तोंड उघडणार त्याच्या किंचित आधी ती हळूच पहिला शब्द सांगायची, आणि एल्मार बोलायचा. जिथे तिलाही आठवत नव्हतं तिथे दोघं मिळून ओठ वाचायची. "हे 'वारा' म्हणतोस." "नाही, 'वाट' आहे. ओठ बघ ना." एवढ्या वर्षांनी दोघं पुन्हा स्वयंपाकघरात बसल्यासारखी भांडत होती, आणि सार्मिते काचेपलीकडून हसत होती.

मग तिने जुळवून ऐकवलं.

पडद्यावर सदतीस वर्षांचा गडी वल्ही मारत होता आणि साठीच्या म्हाताऱ्याच्या आवाजात बोलत होता. आवाज कोरडा, शेवटाला फाटणारा. तीन दिवस पुन्हा पुन्हा भरून पाहिलं, तरी तेच. आणखी एक गोष्ट एल्मारच्या ध्यानात आली, जी इतरांच्या आली नाही. तो दात आवळून बोलत होता. इतकी वर्षं मेजर-कर्नलांच्या तोंडाने बोलून तोंडाला तेच वळण पडलं होतं. तोंड मोकळं सोडून बोलायचा त्याने खूप प्रयत्न केला. घसा धरेपर्यंत केला.

"काकांचा आवाज छान आहे," सार्मिते चाचरत म्हणाली. "पण तो या माणसाचा वाटत नाही."

"या माणसाचाच आहे तो," वेल्ता म्हणाली.

"माहितेय हो मला. पण ऐकणाऱ्याला कसं कळणार?"

एल्मारने कानांवरचे ते जड हेडफोन काढून टेबलावर ठेवले. "राहू द्या," तो म्हणाला. "तो रशियन पोरगा बरा बोलतो."

"तरुण नट घेऊन बघू या का? आपल्या भाषेत?" ग्वीदोने विचारलं.

"तुला हवं ते कर."

ग्वीदोने तेही करून पाहिलं असतं, पण तेवढ्यात देश स्वतंत्र झाला, पैसा बदलला आणि स्टुडिओत शुकशुकाट झाला. ध्वनिमुद्रणाची खोली फर्निचरच्या दुकानदाराने भाड्याने घेतली. 'काठ' एकदा टेलिव्हिजनवर लागला, त्याच परक्या आवाजात, दुपारी, लोक कामावर असताना. ग्वीदो त्याच हिवाळ्यात बर्फात पडून गेला. त्याला शोधायलाही दोन दिवस लागले.

वेल्ताला पोटाचा आजार निघाला. दवाखान्यात तिला वारंवार न्यावं लागायचं आणि तिथे खाली कोट ठेवायच्या खिडकीवर माणूस हवा होता. एल्मारने ते काम धरलं. ती वर तपासायला जायची, तो खाली लोकांचे कोट टांगायचा. मग दोघं मिळून ट्रामने घरी जायची. शेवटी शेवटी ती बोलताना मध्येच अडायची. तो पुढचा शब्द सांगायचा, आणि बहुतेक वेळा तो चुकीचा असायचा. "तू नको सांगूस," ती वैतागून म्हणायची. "तुला नाही येत हे काम."

ती गेल्यावर मारुताने त्याला टालिनला बोलावलं. तो आठवडाभर राहून आला. तिथे जावई चांगला, नातू चांगला, पण नातवाला लाटव्हियन येत नव्हतं आणि एल्मारला एस्टोनियन. दोघं एकमेकांशी रशियनमध्ये बोलायचे, आणि ती भाषा बोलायला दोघांनाही फारसं आवडत नव्हतं. परत येऊन त्याने खिडकीवरचं काम पुन्हा धरलं. आता तपासायला न्यायला कुणी नव्हतं.

एका ओल्या, चिखलाच्या सकाळी एक रशियन म्हातारी आपला जड कोट खिडकीतून पुढे करता करता थांबली.

"तुम्हाला मी पाहिलंय कुठेतरी."

"पाहिलं असेल."

"थांबा हं. गाडीच्या डब्यांच्या कारखान्यात होतात ना? माझ्या नवऱ्याबरोबर? लेथवर?"

एल्मारने तिच्याकडे पाहिलं. मागे रांग लागली होती. कुणीतरी खोकत होतं.

"हो," तो म्हणाला. "लेथवर."

"बघा, ओळखलं की नाही!" म्हातारीचा चेहरा उजळला. "स्तेपान तुमचं नाव घ्यायचा हो. म्हणायचा, शांत माणूस आहे, कुणाच्या अध्यात ना मध्यात. तो गेला, कळलं का तुम्हाला? मागच्या वसंतात."

"नाही कळलं. वाईट झालं."

"तुम्हाला त्याच्या शेवटचं सांगते, थांबा," ती म्हणाली आणि कोपर टेकून सांगायला लागली. मागची माणसं कुरकुरली. एल्मारने तिचा ओला कोट झटकला, खुंटीला लावला, आणि ती पुरतं सांगून होईपर्यंत मधूनमधून मान हलवत ऐकत राहिला. मग तिला बिल्ला दिला आणि पुढच्या माणसाच्या कोटासाठी हात पुढे केला.